शेगडी चार महिने बंद आहे, तरी पाऊस पडला की घरभर धुराचा वास. हा मुरतो तरी कुठे?

ओलीमाती

मंडळी, या विषयावरचे जुने धागे वाचले. ते बहुतेक सगळे घरात काही करपलं तर काय करावं याबद्दलचे आहेत. माझं दुखणं वेगळं आहे, म्हणून नवा धागा काढते. थोडं लांबेल, पण तपशील दिल्याशिवाय कुणाला नेमकं सांगता येणार नाही.

आमच्या बैठकीच्या खोलीत लाकडावर चालणारी ओतीव लोखंडाची शेगडी आहे. पुढे काचेचं दार, मागून पाइप निघून छपरातून बाहेर. घर घेतलं तेव्हापासूनच ती आहे. तीन हिवाळे आम्ही ती रोज पेटवली. सासूबाईंचे गुडघे थंडीत धरतात, त्यामुळे शेगडीशेजारची खुर्ची त्यांचीच.

आधी हे सांगते की मला लाकूड जळतानाचा वास मनापासून आवडतो. काटक्या पेटल्या की पहिल्या दोन मिनिटांत जो गोडसर, किंचित व्हॅनिलासारखा वास येतो ना, त्यासाठी मी मुद्दाम शेगडीजवळ बसते. तक्रार त्या वासाबद्दल नाही. तक्रार आहे ती नंतर उरतो त्याबद्दल. हा वास थंड, आंबूस आणि डांबरट आहे. विझलेल्या, भिजलेल्या कोळशाचा ढीग खोलीत कुणी ठेवलाय असं वाटतं. शेगडी चार महिने पेटलेली नाही, राख काढून आतून पुसून घेतली आहे, आणि तरी पहिला मोठा पाऊस झाला त्या दिवशी सकाळी दार उघडलं तर हा वास अंगावर आला. कोरड्या दिवसांत कमी असतो, दमट दिवसांत वाढतो. संध्याकाळी मी स्वयंपाकघरात असते तेव्हा सगळ्यात जास्त.

आतापर्यंत काय काय केलं: पडदे तीनदा धुतले. खाण्याचा सोडा गालिच्यावर रात्रभर पसरून सकाळी व्हॅक्युमने ओढून घेतला. व्हिनेगरच्या वाट्या खोलीच्या चारही कोपऱ्यांत ठेवल्या, तर आठवडाभर धुराच्या जोडीला व्हिनेगरचाही वास. सुगंधी फवारे मारले, ते अर्ध्या तासात उडून जातात आणि खालचा वास तसाच वर येतो. हेपा फिल्टरचं हवा शुद्ध करणारं यंत्र घेतलं. ते चालू असताना बरं वाटतं, बंद केलं की दोन तासांत पहिले पाढे पंचावन्न.

घाई एवढ्यासाठी की मुलीला दमा आहे. नऊ वर्षांची आहे. डॉक्टरांनी या वेळी पहिलाच प्रश्न विचारला, "घरात धूर असतो का?" मी नाही म्हणाले, कारण शेगडी बंदच होती. घरी येऊन दार उघडलं आणि वाटलं, आपण खोटं बोलून आलो.

शेगडी कायमची काढून टाकावी असं नवऱ्याचं मत. सासूबाईंना ते पटत नाही आणि मलाही मनातून नको आहे. पण मुलीपुढे माझी आवड महत्त्वाची नाही. वास नेमका कुठून येतो ते आधी कळलं, तर पुढचं ठरवता येईल. कुणी यातून गेलंय का?

उंबरठा

ताई, आमच्याकडे असाच त्रास होता. सगळ्या खिडक्या रोज सकाळी दोन तास उघड्या ठेवायच्या, समोरासमोरच्या, म्हणजे वारा आरपार जातो. शिवाय सक्रिय कोळशाच्या, म्हणजे वास शोषून घेणाऱ्या कोळशाच्या, पिशव्या मिळतात त्या कपाटात आणि सोफ्यामागे ठेवा. आम्हाला महिन्याभरात फरक पडला. पण आमची शेगडी आम्ही आधीच काढून टाकली होती, हेही सांगायला हवं.

धुराडीवाला

ओलीमाती ताई, मी वीस वर्षं शेगड्या आणि धुराडी बसवतो, साफ करतो. तुमच्या लिहिण्यातली दोन वाक्यं वाचून मी थांबलो. एक, पावसात वाढतो. दोन, संध्याकाळी स्वयंपाकघरात असताना जास्त. तुमच्या स्वयंपाकघरात एक्झॉस्ट फॅन आहे ना? आणि तेव्हा खिडक्या बंद असतात ना, पावसामुळे?

फॅन घरातली हवा बाहेर फेकतो. तेवढी हवा कुठून तरी आत यायलाच हवी. खिडक्या बंद असतील तर ती सगळ्यात मोठ्या भोकातून येते, आणि तुमच्या घरातलं ते भोक म्हणजे शेगडीचा पाइप. धूर वर नेणारा रस्ता उलटा चालू होतो. फॅन नसतानाही हे होऊ शकतं. दिवसा घर आतून थंड आणि बाहेर उबदार असलं की पाइपातली गार हवा जड होऊन खाली उतरते आणि शेगडीच्या फटींतून खोलीत येते. येताना पाइपच्या आत जे काही चिकटलंय त्याचा वास घेऊन येते.

खात्री करायला पैसे लागत नाहीत. पातळ कागदाची बोटभर रुंद, वीतभर लांब पट्टी कापा. शेगडीचं दार दोन बोटं उघडून फटीसमोर वरून धरा. फॅन बंद, खिडक्या बंद: पट्टी कुठे झुकते ते बघा. मग फॅन लावा, परत बघा. मग एक खिडकी उघडून तिसऱ्यांदा. पट्टी खोलीकडे झुकली तर हवा आत येते आहे.

आता पाइपात काय चिकटतं ते. लाकूड जळतं म्हणजे खरं तर तापलेल्या लाकडातून वायू निघतात आणि ते वायू जळतात. साधारण २०० ते २५० अंश सेल्सिअसपासून लाकूड विघटित व्हायला लागतं, पण त्यातून निघालेला धूर पुरता जळून जायला ६०० अंशांच्या आसपास उष्णता आणि भरपूर हवा लागते. तेवढी मिळाली नाही की न जळलेला धूर पाइपात जातो, आणि पाइपच्या भिंती १२० अंशांच्या खाली असतील तर तिथे घट्ट होऊन बसतो. त्याला क्रिओसोट म्हणतात. आधी भुरभुरीत काजळी, मग काळे पापुद्रे, आणि शेवटी काचेसारखा चकाकणारा डांबरी थर, जो ब्रशने निघत नाही. दमट हवेत हा थर ओलसर होतो आणि वास सोडतो. तुमचा "भिजलेला कोळसा" तो हाच.

आणि ताई, हे फक्त वासाचं प्रकरण नाही. क्रिओसोट पेट घेतं. धुराड्याला आतून आग लागली तर तापमान १००० अंशांच्या आसपास जातं आणि छपराचं लाकूड त्या पाइपला लागून असतं. म्हणून वास जावो न जावो, पुढच्या वेळी पेटवण्याआधी पाइप साफ झालाच पाहिजे. तळापासून टोकापर्यंत, आणि मधला कोपरा उघडून. पुष्कळ लोक नुसता वरून ब्रश फिरवतात आणि वाकलेल्या भागात सगळं तसंच राहतं.

दोन प्रश्न. जळण कुठलं वापरता आणि फोडून किती दिवस ठेवलेलं असतं? आणि रात्री झोपताना हवेची झडप बंद करून ओंडका धुमसत ठेवता का?

ओलीमाती

दादा, फॅन आहे. पावसात खिडक्या बंद असतात. तुम्ही लिहिलंय ते वाचून मी उठून शेगडीपाशी गेले.

जळण मिश्र असतं. बाभूळ, निलगिरी, कधी चिडाच्या फळ्यांचे तुकडे. साधारण दोन महिन्यांपूर्वी फोडलेलं. आणि हो, रात्री झडप जवळजवळ पूर्ण बंद करायची, म्हणजे सकाळपर्यंत निखारे राहतात, असं आम्हाला घर विकणाऱ्यांनी सांगितलं होतं. पाइप साफ केलाय असंही तेच म्हणाले होते. आम्ही एकदाही उघडून पाहिला नाही.

धुराडीवाला

मग कारण सापडलं. दोन महिन्यांचं लाकूड ओलंच असतं. ताज्या तोडलेल्या लाकडात वजनाच्या निम्म्याच्या आसपास पाणी असू शकतं. जाळायला ते २० टक्क्यांच्या खाली हवं. फोडून, वरून झाकून, बाजूंनी वारा लागेल असं रचलेलं मऊ लाकूड निदान एक उन्हाळा मागतं, बाभळीसारखं टणक लाकूड वर्षभर, कधी दोन वर्षं. ओलं लाकूड घातलं की आगीची उष्णता आधी पाणी उकळण्यात जाते, आग थंड राहते आणि धूर न जळता वर जातो. त्यात रात्री झडप बंद म्हणजे आठ तास नुसतं धुमसणं. तीन हिवाळे रोज रात्री तुमच्या पाइपात डांबर तयार होत होतं.

रात्री धुमसत ठेवण्यात आणखी एक धोका आहे. कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो. धुराचा वास आला नाही म्हणजे सगळं ठीक, असं कधीही समजू नका. शेगडी ठेवणार असाल तर त्याचा गजर करणारं यंत्र लावा, आणि झोपायच्या खोल्यांजवळही एक.

चिडाच्या फळ्या रंगवलेल्या किंवा वाळवीरोधक औषध मारलेल्या नसतील याची खात्री करा. काही जुन्या प्रक्रिया केलेल्या लाकडात तांबं, क्रोमियम आणि आर्सेनिक असतं, जाळलं की आर्सेनिक धुरात आणि राखेत येतं. प्लायवूडही नको.

रानजाई

धुराडीवाला यांनी पाइपचं इतकं नेमकं सांगितलंय की त्यात मी काही घालत नाही. मी घरातल्या वासाबद्दल लिहिते. निवृत्त होईपर्यंत कापडरंगाच्या प्रयोगशाळेत होते आणि वास काढणं, वास बसवणं या दोन्हींशी रोजचा संबंध होता.

ताई, तुम्हाला आवडणारा वास आणि नावडणारा वास, दोन्ही एकाच घरचे आहेत. लाकडात ढोबळमानाने सेल्युलोज, हेमिसेल्युलोज आणि लिग्निन असतं. लिग्निन म्हणजे तंतूंना धरून ठेवणारा चिकट भाग, लाकडाचा पाव हिस्सा समजा. तो तापून तुटला की ग्वायकॉल आणि सिरिंगॉल ही संयुगं निघतात. आपण ज्याला "धुराचा वास" म्हणतो तो मुख्यतः यांचा. व्हॅनिलिनही लिग्निनमधूनच येतं, त्यामुळे तुम्हाला व्हॅनिला आठवते ती खरीच आहे. चिडासारख्या सूचिपर्णी लाकडाच्या लिग्निनमध्ये सिरिंगॉल देणारा भाग जवळजवळ नसतो, रुंद पानांच्या झाडांत दोन्ही असतात. म्हणून चिडाचा धूर आणि बाभळीचा धूर नाकाला वेगळे कळतात, शिवाय चिडात राळ असतेच. सेल्युलोज आणि हेमिसेल्युलोजमधून फुरानं ही गोडसर वासाची संयुगं निघतात आणि ॲसेटिक आम्लही, म्हणजे व्हिनेगरमधलंच आम्ल. तुमच्या वासातला "आंबूस" भाग तो.

आग मोकळी, गरम असते तेव्हा यातलं बरंचसं जळून जातं आणि जेमतेम नाकाला लागेल एवढं उरतं. धुमसताना सगळं न जळता बाहेर येतं, क्रेसॉलसारखी डांबरट संयुगं त्यात भर घालतात. ग्वायकॉल अत्यल्प प्रमाणातही नाकाला कळतं, म्हणून थोडंसं उरलं तरी खूप उरल्यासारखं वाटतं.

आता मुद्दा. हा वास हवेत राहत नाही. हवेतून तो वस्तूंवर बसतो: भिंतीचा रंग, कापड, कागद, लाकूड आणि सगळ्यात जास्त धूळ. हवा स्वच्छ झाली की तिथून हळूहळू परत बाहेर पडतो. ऊब आणि दमटपणा वाढला की जास्त. म्हणून तुमचं यंत्र बंद केलं की दोन तासांत वास परत. अमेरिकेतल्या कोलोरॅडो स्टेट युनिव्हर्सिटीच्या शास्त्रज्ञांनी एका प्रयोगासाठी बांधलेल्या घरात मुद्दाम धूर सोडून हेच मोजलं, २०२३ मध्ये ते 'सायन्स ॲडव्हान्सेस'मध्ये छापून आलं. हवा शुद्ध करणारी यंत्रं लावली की पातळी उतरायची, बंद केली की परत चढायची. टिकाऊ फरक पडला तो व्हॅक्युम, धूळ पुसणं आणि फरशी पुसणं याने. इतका साधा निष्कर्ष वाचून मला फार समाधान वाटलं होतं, कारण हे कुणालाही करता येतं.

हेपा फिल्टर ०.३ मायक्रोमीटरचे कण ९९.९७ टक्के पकडतो. मुलीसाठी ते उपयोगाचं आहे, यंत्र बंद करू नका. पण वास म्हणजे वायू, तो हेपातून आरपार जातो. त्याला सक्रिय कोळसा लागतो, आणि तोही भरपूर. पातळ काळी जाळी असेल तर ती थोड्या दिवसांत भरते. ओझोन सोडणारी यंत्रं "वास मुळापासून काढतो" म्हणून विकतात, ती दमा असलेल्या घरात आणूच नका, ओझोन फुप्फुसांना त्रास देतो.

खाण्याचा सोडा का पुरला नाही तेही सांगते. तो आंबूस भाग मारतो, ॲसेटिक आम्लाशी त्याची गाठ पडते. ग्वायकॉल मात्र फार दुबळं आम्ल आहे, त्याला पाण्यात ओढायला बरंच जास्त अल्कधर्मी पाणी लागतं. ते धुण्याच्या सोड्याने होतं. बादलीभर कोमट पाण्यात दोन मोठे चमचे, सुती कापड अर्धा तास बुडवून ठेवा, मग नेहमीच्या साबणाने धुवा. हातमोजे घाला. लोकर, रेशीम आणि ॲल्युमिनियमच्या वस्तू या पाण्यात घालू नका, खराब होतात. आणि वास पुरता गेल्याशिवाय इस्त्री किंवा गरम ड्रायर नको, नाहीतर उरलेलं तिथेच पक्कं बसतं. व्हिनेगरच्या वाट्यांनी आम्लात आम्ल मिसळलं, दुसरं काही झालं नाही.

पण धुवायला घेण्याआधी शोधा. आपलं नाक आपल्याच घरात थकतं, वीस मिनिटांत वास कळेनासा होतो. मी काय करायचे ते सांगते. घट्ट झाकणाच्या काचेच्या बरण्या घ्या, धुऊन पूर्ण वाळवा. जी वस्तू आत मावेल ती आत, जी मावणार नाही तिच्यावर ओलसर कापूस चांगला घासून तो कापूस आत. प्रत्येकीवर खालच्या बाजूला चिठ्ठी. एक बरणी नुसत्या ओलसर कापसाची, तुलनेसाठी. सगळ्या तासभर उन्हात ठेवा. तुम्ही तोवर बाहेर फिरून या, मग एकेक उघडून हुंगा. चिठ्ठी नंतर वाचायची, हे महत्त्वाचं. आधी वाचली की नाक ऐकत नाही, मन सांगेल तेच हुंगतं.

ओलीमाती

दहा दिवसांनी लिहिते आहे. दोघांचंही सगळं केलं, क्रमाने सांगते.

आधी कागदाची पट्टी. फॅन बंद, खिडक्या बंद असताना ती खोलीकडे जेमतेम कलली. फॅन लावला आणि ती सरळ आडवी झाली, फडफडायला लागली, जणू आतून कुणी फुंकतंय. त्याच क्षणी तो वास आला, इतका की मी मागे सरकले. मुलीला स्वयंपाकघराची खिडकी हातभर उघडायला सांगितली. पट्टी खाली पडून सरळ लोंबली. तीन वर्षं मी रोज संध्याकाळी त्या फॅनचं बटण दाबत होते.

मग पाइप. एका माहीतगार माणसाला बोलावलं आणि मुद्दाम सांगितलं की कोपरा उघडायचा. वरचा सरळ भाग ठीक होता, भुरभुरीत काजळी, ब्रशने निघाली. कोपरा उघडला तेव्हा मी शेजारीच उभी होते. वीतभर रुंद पाइप आणि आत मोकळी जागा माझ्या मुठीएवढी. बाकी सगळं काळं, चकचकीत, वितळून गोठल्यासारखं. त्यांनी एक तुकडा माझ्या हातावर ठेवला. वजनाला हलका, कडेला काचेसारखा धारदार, आणि हाताच्या उबेने मिनिटभरात चिकट झाला. साबणाने तीनदा हात धुतले तरी रात्री बोटांना वास होता. त्यांनी तो कोपरा साफ करायच्या भानगडीत न पडता सरळ बदलायला सांगितला. बदलला. याच पाइपाखाली आम्ही तीन हिवाळे शांतपणे झोपलो.

आता बरण्या. अकरा भरल्या, बारावी नुसत्या कापसाची. पडदा, गालिच्याचा कोपरा, सोफ्याची उशी, भिंत, छताचं लाकूड, कपाटाच्या वरची धूळ, दिव्याचं कापडी आच्छादन, दोन जुनी मासिकं, सासूबाईंच्या खुर्चीचं आसन, त्यांची रजई, मुलीचं दप्तर. नवरा, मुलगी आणि शेजारच्या वहिनी, तिघांनी वेगवेगळं हुंगलं आणि कागदावर शून्य ते पाच असे आकडे लिहिले.

पडद्यांना एकाच्या वर कुणीच दिलं नाही. तीन वेळा धुतलेले, माझी सगळी मेहनत तिथे गेली होती. सोफा दोन. पण कपाटाच्या वरची धूळ: पाच, पाच, पाच. दिव्याचं आच्छादन चार. रजई पाच. भिंतीचा कापूस, शेगडीच्या मागच्या बाजूचा, चार. दप्तर दोन, आणि तो आकडा बघून मला फार वाईट वाटलं. ती ते रोज बाहेर घेऊन जाते.

कपाटावर मी स्टूल घेऊन चढले. तिथली धूळ राखाडी, मऊ असेल असं वाटलं होतं. ती तपकिरी होती आणि बोट फिरवलं तर सुटत नव्हती, पातळ मेणासारखी वळत होती. फडकं एकदा फिरवलं की दुसरी बाजू, मग दुसरं फडकं. चार कपाटांना सतरा फडकी लागली. पंख्याची पाती, दारांच्या चौकटींच्या वरच्या कडा, भिंतीवरच्या चौकटींच्या मागे, सगळीकडे तेच. दिव्याचं आच्छादन टाकून दिलं. दप्तर सोड्याच्या पाण्यात घातलं, दुसऱ्या धुण्यानंतर शून्य.

काल दिवसभर पाऊस होता. सकाळी बाहेरून येऊन दार उघडलं आणि दारातच उभी राहिले. वास होता, पण भिंतीजवळ गेल्यावर. खोलीभर नाही.

आता दोन अडचणी उरल्या. भिंतीचं काय करू? नुसता रंग मारला तर झाकला जाईल का? आणि रजई लोकरीची आहे, म्हणजे सोडा चालणार नाही. सासूबाई ती शेगडीच्या पाइपजवळ दोरीवर टाकून गरम करत असत. त्यांना ती टाकायची नाही, आणि मीही त्यांना तसं सांगणार नाही.

गिलावा

भिंतीचं मी सांगतो, रंगकाम करतो. थेट रंग मारू नका, महिन्यात वासही वर येईल आणि पिवळे डागही. आणि आधी ओलं फडकं तर अजिबात नको, काजळी तेलकट असते, पाण्याने ती पसरून भिंतीत जिरते. आधी कोरडा रबरी स्पंज घ्या, काजळीसाठी वेगळा मिळतो, वरून खाली एकाच दिशेने ओढायचा, घासायचा नाही. तो काळा झाला की वरचा थर कापून पुढे चालू. मग साबणाच्या पाण्याने खालून वर धुवायचं, म्हणजे ओघळाचे डाग पडत नाहीत. दोन दिवस नीट वाळू द्या. त्यावर लाखेच्या शेलॅकचा प्रायमर. पाण्यात कालवायचा साधा प्रायमर वास अडवत नाही, शेलॅक अडवतो. मारताना त्याच्या स्पिरिटचा वास उग्र असतो, त्यामुळे मुलीला त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशी घरात ठेवू नका. मग हवा तो रंग.

रानजाई

ताई, सतरा फडक्यांचं वाचून फार बरं वाटलं.

रजईचं: खोळ काढून वेगळी धुवा, ती सुती असेल तर सोड्याच्या पाण्यात. आतल्या लोकरीला घाई नको. कोरड्या, वाऱ्याच्या दिवशी सावलीत दोरीवर टाका, दर तासाने उलटी करा, संध्याकाळी दमट व्हायच्या आत घरात. हे पाच-सहा दिवस तरी. मधून हाताने थापटा, तंतूंतली काजळी सुटते. घरात असताना मोठ्या डब्यात सक्रिय कोळशाच्या पिशव्यांसोबत झाकून ठेवा, पण कोळसा लोकरीला थेट लागू देऊ नका. दर आठवड्याला एक पुंजका बरणीत घालून हुंगा. पाचाचे दोन झाले तरी पुष्कळ. लोकर वास धरते तसा हळूहळू सोडतेही.

धुराडीवाला

ताई, कोपरा बदलला हे उत्तम केलंत. आता पुढच्या हिवाळ्याचं, ठेवणार असाल तर. जळणाचा ओलावा मोजायचं दोन टोचण्यांचं छोटं यंत्र मिळतं. ओंडक्याच्या बाहेरून टोचू नका, बाहेरून सगळंच वाळलेलं दिसतं. ओंडका मधोमध फोडा आणि ताज्या फोडलेल्या बाजूला टोचा. यंत्र नसेल तर दोन ढलप्या एकमेकींवर आपटा: वाळलेल्या टणकन वाजतात, ओल्या ठप्प.

पेटवताना खाली मोठे ओंडके, वर बारीक फाटे, सगळ्यात वर काटक्या, आणि आग वरून लावा. उलटं वाटतं, पण खालच्या लाकडाचा धूर वरच्या ज्वाळेतून जातो आणि तिथेच जळतो. काच काळी पडली की समजायचं हवा कमी आहे किंवा लाकूड ओलं आहे. काच पुसायला ओलं कागदाचं बोळं आणि त्यावर चिमूटभर राख, दुसरं काही नको. आणि रात्री धुमसवायचं नाही. आग पूर्ण जळू द्या, विझू द्या. पाइपला वर टोपी आहे का? नसेल तर पाऊस सरळ आत पडतो, मग कितीही साफ करा, वास येणारच. शेगडी बंद असेल त्या महिन्यांत झडप घट्ट बंद, शेगडीच्या दाराच्या कडेने फट बुजवणाऱ्या दोऱ्या असतात, त्या कडक झाल्या असतील तर बदला.

एक बोलतो, रागावू नका. मुलीचा दमा हिवाळ्यात वाढत असेल तर डॉक्टरांशी बोलल्याशिवाय पेटवू नका. मी शेगड्या विकून पोट भरतो, तरी सांगतो. चांगल्या शेगडीतूनही दार उघडलं की थोडा धूर खोलीत येतोच, आणि २.५ मायक्रोमीटरच्या आतले कण नाकाला कळत नाहीत, डोळ्यांना दिसत नाहीत. जागतिक आरोग्य संघटनेने २०२१ मध्ये त्यांची चोवीस तासांची मर्यादा घनमीटरला १५ मायक्रोग्रॅम ठेवली आहे. ती फार लवकर ओलांडली जाते.

ओलीमाती

रागावेन कशाला, दादा. हेच ऐकायचं होतं.

डॉक्टरांना परवा सगळं खरं सांगितलं. त्यांनी यंदाचा हिवाळा शेगडी बंदच ठेवायला सांगितली आहे, मुलीची फुप्फुसाची तपासणी वसंतात परत करू म्हणाले, मग बघू. सासूबाईंनी ऐकलं आणि एवढंच विचारलं की खुर्ची तिथेच राहील ना. राहील. त्यांच्यासाठी विजेवर चालणारा तेलाचा हीटर आणला आहे, तो खुर्चीशेजारी ठेवलाय.

टोपी नव्हतीच. छपरावर चढून नवऱ्याने पाहिलं, पाइपचं तोंड आकाशाकडे उघडं. जाळी असलेली टोपी उद्या बसते आहे. गिलावा यांनी सांगितला तसा स्पंज आणला आणि शेगडीमागची भिंत निम्मी झाली. पांढऱ्या भिंतीवर आता सरळ रेषेत दोन रंग दिसतात. आम्ही ती पांढरी समजत होतो, ती फिकट चहाच्या रंगाची झाली होती.

रजई चौथ्या दिवशी चारवर आहे. सासूबाई ती स्वतः उलटवतात.

आणि लाकूड मोजलं. अंगणात रचलेल्या बाभळीतला एक ओंडका फोडला, ३१ टक्के. तो ढीग उचलून भिंतीपासून लांब, दगडांवर रचला, वरून पत्रा टाकला आणि पहिल्या ओंडक्यावर खडूने आजची तारीख लिहिली. टोपी बसल्यावर फॅन लावून पट्टी परत धरून बघते आणि इथेच कळवते.